अर्थ नसलेलं नाव

माझ्या भाचीचं नाव या लेखात येणार नाही. लपवायचं आहे म्हणून नव्हे. ते इतकं दुर्मिळ आहे की लिहिलं तर घराचा पत्ता लिहिल्यासारखं होईल. बोईसर स्टेशनबाहेर कुठल्याही रिक्षावाल्याला ते नाव सांगितलं, तर तो न विचारता सरावलीला आमच्या बिल्डिंगखाली आणून सोडेल. तेव्हा नाव सोडून बाकी सगळं सांगते: ते कुठून आलं, त्याचा अर्थ काय, आणि ते बाळाच्या कानात सांगायचं कोणी यावरून आमच्या वन बीएचकेमध्ये काय काय झालं.

मी मूळची सांगलीकडची. नवरा आजारपणात गेला, तेव्हा इथे नोकरीला असलेला धाकटा भाऊ म्हणाला, इकडेच ये. आले. तारापूरच्या एमआयडीसीत औषधांच्या एका कंपनीत पॅकिंगला लागले. पट्ट्यावरून गोळ्यांच्या स्ट्रिप्स येतात, प्रत्येक खणात गोळी आहे की नाही ते बघायचं. बहुतेक वेळा असते. त्यामुळे या कामात विचार करायला भरपूर वेळ मिळतो, आणि विचार करण्यासारखं माझ्याकडे तेव्हा फारसं काही नव्हतं.

मग भावाला मुलगी झाली. भावजय माहीमची. हे सांगितलं की लोकांना मुंबईचं माहीम वाटतं, म्हणून आम्ही सगळे एका दमात 'पालघरचं, केळव्याजवळचं' असंही म्हणून टाकतो. पहिलं बाळंतपण, म्हणजे तिने माहेरी जायचं. पण सिझर झालं, टाक्यांचा त्रास सुरू झाला आणि डॉक्टर बोईसरला. मग तिचं माहेरच सरावलीला आलं. म्हणजे तिची आई आली, सोबत एक शेगडी, ओव्याची पिशवी आणि सुक्या बोंबलांचा एक डबा आला. बोंबलांचा वास आमच्या आधी शेजाऱ्यांना कळला.

हॉस्पिटलात शुद्धीवर आल्यावर भावजयीने आधी पाणी मागितलं आणि मग ती म्हणाली, "बाळाचं नाव ताई ठेवतील. कोणाला सांगायचं नाही. बारशालाच कळू दे." माझा भाऊ मान हलवून मोकळा झाला. तो सगळ्यालाच मान हलवतो. मी मात्र बाहेर बाकड्यावर जाऊन बसले, कारण मला रडू आलं होतं आणि समोरच्या बाईला वाटलं की आत काहीतरी वाईट झालंय. तिने मला बिस्कीट दिलं. मी खाल्लं.

आत्याने नाव ठेवायचं ही रीतच आहे, त्यात माझ्यावर कोणी उपकार केले असं नाही. पण नवरा गेल्यापासून माझ्या वाट्याला आलेली ही पहिली रीत होती. बाकीच्या रीती मला बघून हळूच बाजूने निघून जायच्या.

दुसऱ्या दिवसापासून मी पट्ट्यापाशी उभी राहून नाव शोधायला लागले. आमच्या लाइनवर सगळ्या बायकाच. प्रत्येकीचं मत होतं आणि कोणी ते राखून ठेवलं नाही. उत्तर प्रदेशातली एक म्हणाली, "दीदी, मतलब अच्छा होना चाहिए. नाम का असर पड़ता है." तिच्या मुलाच्या नावाचा अर्थ जग जिंकणारा असा आहे. तो अजून एकटा खाली दुकानात जात नाही. दुसरीने आपल्या मुलाला स्वतःच्या नावाचं पुढचं अर्धं आणि नवऱ्याच्या नावाचं मागचं अर्धं जोडून दिलंय. दोघांचं भांडण झालं की त्या पोराला पूर्ण नावाने हाक कोणीच मारत नाही. तिसरीच्या मुलीचं नाव मला खरंच आवडलं. अर्थ विचारला तर म्हणाली, "अर्थ मोबाइलमध्ये आहे." मोबाइल गेटवर जमा असतात, त्यामुळे अर्थ कळायचा तेवढ्यापुरता राहिला.

घरी येऊन मीही मोबाइलवर बघायला बसले. तिथे नावांचा काही तुटवडा नाही. जे टाकावं ते एकतर लक्ष्मीचं नाव असतं, नाहीतर दुर्गेचं, नाहीतर पहाटेचा पहिला किरण. सोबत शुभ अंक आणि शुभ रंग. मला संशय आला म्हणून डोळे मिटून चार-पाच अक्षरं दाबली. त्या नावाचाही अर्थ निघाला: शांत आणि कष्टाळू. मूळ संस्कृत. भटजींनी पत्रिका बघून जे अक्षर काढून दिलं, ते 'ठ' होतं. भावाने त्या कागदाला नमस्कार केला, कागद देवापाशी ठेवला आणि तो विषय तिथेच संपला.

आमच्या बिल्डिंगमध्ये एकाच शेपटाची नावं असलेले चार मुलगे आहेत. खालून एकाला हाक मारली की चौघे खिडकीत येतात. अभ्यासाला बोलावलं तर एकही येत नाही. मला तसलं नको होतं.

आणि खरं सांगायचं तर मला अर्थांचाच कंटाळा आला होता. माझ्या स्वतःच्या नावाचा अर्थ सौभाग्याशी जोडलेला आहे. आईवडिलांनी हौसेने ठेवलं होतं, त्यांचं काही चुकलं नाही. पण नवरा गेल्यावर मी जिथे जिथे कामाला गेले, तिथे तिथे समोरचा माणूस आधी माझं नाव वाचायचा, मग माझ्या कपाळाकडे बघायचा आणि मग एकदम टेबलावरचं काहीतरी आवरायला लागायचा. माझी फार चिडचिड व्हायची. पोरीला असं नाव द्यावं की ज्याला बांधलेली कुठलीच गोष्ट नसेल. पुढे ती जशी होईल तसा त्याचा अर्थ लागेल. हे बोलायला सोपं होतं. असं नाव मिळेना.

ते मिळालं न्हाणीघरात.

भावजयीच्या आईला मी मावशी म्हणते. मावशींनी आयुष्यभर पालघरच्या बाजारात मासळी विकली. नवरा बरीच वर्षं झाली गेलाय. बोलणं मोजकं, हात मात्र सतत चाललेले. रोज सकाळी त्या पाटावर बसून पाय लांब करायच्या, पायांवर बाळाला पालथं घालायच्या आणि कोमट तेलाने रगडायला लागायच्या. आमचं न्हाणीघर एवढंसं की पाय लांब केले की घोटे दाराबाहेर यायचे, म्हणून दार उघडंच ठेवावं लागे. मी सेकंड शिफ्टच्या आठवड्यात घरी असले की बाहेर भाजी निवडत हे सगळं बघायचे. पाण्याचा पहिला तांब्या पडला की पोरगी सगळ्या मजल्याला ऐकू जाईल असा टाहो फोडायची.

मग मावशी तोंडाने एक आवाज करायच्या.

तो शब्द नव्हता. गाणंही नव्हतं. लहानशी दोन अक्षरं, जीभ कुठे लागली न लागली असं वाटायचं, आणि शेवट मोकळा सोडलेला. पुन्हा पुन्हा तीच. पोरगी तिसऱ्या-चौथ्या वेळेला थांबायची, हुंदका अर्धवट टाकायची आणि आवाज कुठून येतोय ते शोधायला मान वळवायची. तिच्या आईच्या हाकेला ती अजून वळत नव्हती. या आवाजाला वळायची.

मी भाजी बाजूला ठेवली आणि मोबाइलवर ती दोन अक्षरं टाकून बघितली. काही निघालं नाही. लक्ष्मी नाही, दुर्गा नाही, किरणही नाही. शुभ रंग नाही. 'हे नाव आमच्याकडे उपलब्ध नाही' असं आलं. मला इतका आनंद झाला की मी उरलेली मेथी न निवडताच फोडणीला टाकली.

मी कोणालाच सांगितलं नाही. मावशींनाही नाही. त्यांना तर आपण असा काही आवाज करतो हेही बहुधा माहीत नव्हतं.

त्याच आठवड्यात एका दुपारी मावशी स्वयंपाकघरात बोंबील साफ करत होत्या. माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "बाय, एक बोलते. वाईट वाटून नको घेऊस."

वाईट वाटून घेऊ नको असं कोणी म्हटलं की मी आधीच तयारीला लागते.

"नाव तू ठेव. तुझा मानच हाय तो. पन पोरीच्या कानात सांगायला दुसरी कोन तरी जाऊ दे. सवाशीण. आमच्यात असा नाय चालत."

मी म्हटलं, "तुम्ही रोज तिला अंघोळ घालता, मावशी."

"ते काम हाय."

म्हणजे कामाला आमची अडचण नव्हती, फक्त मानाला होती. मी हे तोंडावर बोलले असते. पण त्या पुढे म्हणाल्या, "मी पन माझ्या पोरीला हळद नाय लावली. लग्नात मागे उबी होते. माझी एकुलती एक पोर. तुला काय वाटते, मना वाटला नसंल? पन उद्या तिला काय झाला असता, तर मी कोनाला तोंड दाखवला असता?" आणि बोंबलाचं डोकं मोडून बाजूला टाकलं.

मला राग आला. खूप आला. आणि राग कोणावर काढायचा ते समजेना, कारण जी बाई मला मागे उभी राहा म्हणत होती ती स्वतःच मागे उभी होती. तिने मला आपल्या शेजारी जागा करून दिली होती, इतकंच.

भावजयीला कळलं तेव्हा तिने आईशी भांडण काढलं. टाके ताजे असल्यामुळे ती आडवी पडूनच भांडली. मावशी दोन वेळा जेवल्या नाहीत. भाऊ दोघींकडे बघून मान हलवत राहिला. शेवटी मीच म्हटलं की जाऊ दे, दुसरी कोणी सांगेल. आमची एक चुलत बहीण कुंभवलीला राहते, तिचा नवरा तिथल्याच कंपनीत आहे. तीही आत्याच लागते, सवाष्ण आहे, आणि तिच्याकडे जरीची साडी आहे. ती ऐनवेळी माझ्याकडून नाव विचारून घेईल आणि कानात सांगेल, असं ठरलं. मी शहाण्यासारखी वागले. त्या रात्री मला झोप आली नाही हे कोणाला सांगायची गरज नव्हती.

बारसं सव्वा महिन्यानंतर, घरातच ठेवलं. डेकोरेशनवाला आला तेव्हा थर्माकोलची अक्षरं कापायची म्हणून नाव मागायला लागला. मी म्हटलं, मिळणार नाही. तो म्हणाला, "मॅडम, मी कोणाला सांगतोय?" मी नाहीच म्हटलं. मग त्याने 'नामकरण सोहळा' असं लिहून खाली एक मोठं गुलाबी प्रश्नचिन्ह लावलं आणि त्याचे वेगळे पैसे सांगितले. भाऊ मान हलवून मोकळा झाला.

बायका हॉलमध्ये मावल्या नाहीत, त्या पॅसेजमध्ये आणि जिन्यावर बसल्या. पाळणा भाड्याने आणलेला, फुग्यांनी इतका सजवलेला की आतलं बाळ शोधावं लागत होतं. मावशी आणि मी स्वयंपाकघरात. त्या घुगऱ्या वाट्यांमध्ये भरत होत्या, मी वाट्या मांडत होते. बाहेर पाळणा म्हणायला सुरुवात झाली. पाळण्याखालून बाळ इकडून तिकडे देताना काय म्हणतात ते एकीला आठवेना, दुसरीने चुकीचं सांगितलं, सगळ्या हसल्या. मी वाट्यांच्या ओळी सरळ करत राहिले. आतापर्यंत मी स्वतःला बजावत आले होते की नाव तर माझंच आहे, सांगेल कोणी का सांगेना. ते मला त्या क्षणी मुळीच पटत नव्हतं. मला पाळण्यापाशी जायचं होतं.

चुलत बहीण जरी सावरत आत आली. "नाव सांग पटकन. सगळ्या थांबल्यात."

मी तोंड उघडलं, तेवढ्यात तिनेच विचारलं, "आणि अर्थ काय?"

"अर्थ नाही."

"म्हणजे?"

"म्हणजे काहीच नाही."

"अगं, बाहेर नाव सांगितलं की पहिला प्रश्न अर्थाचाच येणार. मी काय सांगू?"

"अर्थ नाही म्हणून सांग."

"छान. म्हणजे बिनअर्थाचं नाव मी पोरीच्या कानात सांगायचं, आणि उद्या तिला साधी सर्दी झाली तरी सगळ्या माझ्या नावाने खडे फोडणार. निदान लक्ष्मीचं आहे असं तरी म्हणू दे."

"लक्ष्मीचं नाही ते."

"मग मला नको सांगूस," ती म्हणाली. "तुझं तू बघ बाई." आणि खरोखरच बाहेर जाऊन बायकांमध्ये बसली. थोड्या वेळाने बाहेरचं पाळण्याचं गाणंही थांबलं. पाळण्यातली पोरगी रडायला लागली. भावजयीने तिथूनच हाक मारली, "ताई, काय झालं?"

मावशी चमचा हातात धरून उभ्या. "असा काय नाव ठेवलायस, ज्याला अर्थच नाय?"

बाळाच्या आधी नाव दुसऱ्या कोणाच्या कानात जाऊ द्यायचं नाही, असं माझं मीच ठरवलं होतं. ते मोडलं. मी पुढे झाले आणि मावशींच्या कानात नाव सांगितलं.

चमच्यातल्या घुगऱ्या परत पातेल्यात पडल्या. मग म्हणाल्या, "हा तर मी न्हानीत..."

"हो."

"याला काय नाव म्हनतात?"

"आता म्हणतील. पोरगी याच आवाजाला मान वळवते. दुसऱ्या कशाला नाही. म्हणून ठेवलं." आणि मग मी विचारलं, कारण मला खरंच माहीत करून घ्यायचं होतं, "मावशी, त्याचा अर्थ काय?"

"मना काय माहीत. माझी आय करायची." त्यांनी पातेल्यावर झाकण ठेवलं. "बा गेला तवा धाकटा भाऊ पोटात होता. त्याच्या बारशाला आयला नाय जाऊ दिला. पाळन्याजवळ नाय, कुठे नाय. सगळ्या बायका बाहेर, ती मागच्या दारी. तिच्या पोराचा नाव तिला कोनी तरी येऊन सांगितला. मी बारकी होते, तिच्याजवळ बसलेली." बाहेर पोरगी मोठ्याने रडत होती. "दुसऱ्या दिवशी त्याला न्हाऊ घालाय बसली. तवा हाच आवाज करत होती. नाव नाय घेतला त्याचा. पुष्कळ दिवस नाय घेतला."

मावशींनी पदराला हात पुसले, चांगले दोनदा पुसले आणि माझं मनगट धरलं.

"चल."

"मावशी, तुम्हीच म्हणाला होतात..."

"म्हनाले होते. चल."

त्या मला ओढतच हॉलमध्ये घेऊन आल्या. जिन्यावरच्या बायका उठून उभ्या राहिल्या, कारण त्यांना वाटलं आत काहीतरी भांडण झालं. कोणीतरी दबक्या आवाजात म्हणालं, "अहो, पण त्या..." मावशींनी तिकडे बघितलंही नाही. सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाल्या, "नाव माझ्या आयचा हाय. सांगनार ही." यावर कोणाला काही बोलायला जागा राहिली नाही, कारण कोणाला काही कळलंच नव्हतं. भावजय मात्र पाळण्याची दोरी धरून हसत होती आणि तिच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं.

मी फुगे बाजूला सारून पाळण्यात वाकले. पोरगी लाल होऊन रडत होती. कानाशी तोंड नेऊन 'कुर्रर्र' करायचं, नाव सांगायचं, आणि त्याच वेळी बाकीच्या बायकांनी आत्याच्या पाठीत धपाटे घालायचे, अशी ही रीत. मी दुसऱ्यांच्या पाठीत पुष्कळ घातलेत. मी कुर्रर्र केलं आणि नाव सांगितलं. पोरगी थांबली. मान वळवून आवाज शोधायला लागली.

माझ्या पाठीत काहीच पडलं नाही. मागे सगळ्या गप्प उभ्या होत्या. नवरा गेल्यापासून बायकांनी मला हात लावला तो पाठीवरून फिरवण्यापुरता, हळू, मी आजारी असल्यासारखा. तसाच एखादा हात आता येईल आणि मला बाजूला करेल, असं मला वाटलं.

मग धप्पकन एक बसला. तो मावशींचा होता. आयुष्यभर कोयत्याने मासळी तोडलेला हात, आणि त्यांनी काही राखून ठेवलं नाही. मी पाळण्याच्या कडेला आपटले. लगेच दुसरा बसला, तो चुलत बहिणीचा. मग तिसरा, आणि मग कोणाचा कुठला ते कळेना. बायका हसत होत्या, अर्थ काय, अर्थ काय म्हणून ओरडत होत्या आणि मारत होत्या. पाठ चांगलीच दुखत होती. नाव सांगून झालं होतं, आता सरळ उभं राहायला हरकत नव्हती.

मी वाकलेलीच राहिले.